रोक विद्यालय : स्थापना, परंपरा आणि वाटचाल

उच्चारलेला शब्द जिथे प्रत्यक्षात उतरतो, अशा जगात शब्द शिकवणारी शाळा ही सर्वांत जोखमीची संस्था असते. उर्सुला ले ग्विन यांच्या 'अर्थसी' या द्वीपसमूहातले रोक विद्यालय ही अशी संस्था आहे. हे विद्यालय वाचकांना प्रथम भेटले १९६८ साली, 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' या कादंबरीत. पुढे 'द टूम्ब्ज ऑफ अट्वान' (१९७१), 'द फार्दस्ट शोअर' (१९७२), 'तेहानू' (१९९०) आणि २००१ सालची 'टेल्स फ्रॉम अर्थसी' व 'द अदर विंड' अशी पाच पुस्तके आली. या सहा पुस्तकांत विद्यालयाचा इतिहास तुकड्यातुकड्यांनी विखुरलेला आहे आणि त्याची स्थापना कोणी केली हे सर्वांत शेवटी उलगडते. प्रस्तुत लेखात तो इतिहास कालक्रमाने मांडला आहे.

विद्येचे स्वरूप

विद्यालयाचा इतिहास समजून घ्यायचा तर तिथे काय शिकवले जाते हे आधी पाहिले पाहिजे. अर्थसीच्या कथेनुसार आरंभी सर्वत्र पाणीच होते. सेगोयने एकेका बेटाचे नाव उच्चारले आणि ते बेट समुद्रातून वर आले. ज्या भाषेत ती नावे उच्चारली गेली तिला निर्मितीची भाषा किंवा खरी वाणी म्हणतात. ड्रॅगनांची ती मातृभाषा आहे, माणसांना मात्र ती कष्टाने शिकावी लागते. त्या भाषेत माणसाला खोटे बोलता येत नाही. ड्रॅगनांना सत्य वाकवण्याची कला साधलेली असते.

प्रत्येक वस्तूला, प्राण्याला आणि माणसाला या भाषेत एक खरे नाव असते. माणसाला ते साधारण तेराव्या वर्षी, वाहत्या पाण्यात उभे करून दिले जाते. रोजच्या व्यवहारात वेगळे, वापरायचे नाव चालते. खरे नाव अगदी विश्वासातल्या माणसालाच सांगायचे, कारण ज्याला ते ठाऊक आहे त्याची त्या माणसावर सत्ता चालते. विद्यालयातून बाहेर पडलेला तरुण गेड पेंडॉर बेटावरच्या म्हाताऱ्या ड्रॅगनसमोर एकटा उभा राहिला, तेव्हा त्याच्या हाती शस्त्र असे एकच होते. जुने इतिहास चाळून त्याने त्या ड्रॅगनचे नाव येवॉद असावे असा अंदाज बांधला होता. अंदाज खरा ठरला आणि त्या एका शब्दावर एक आख्खा मुलूख वाचला.

ले ग्विन यांच्या घरी नावाचे हे मोल परके नव्हते. त्यांचे वडील आल्फ्रेड क्रोबर कॅलिफोर्नियातले नामवंत मानववंशशास्त्रज्ञ होते. 'याही' या जमातीतला अखेरचा माणूस, ज्याला जग 'इशी' म्हणून ओळखते, त्याच्याबरोबर त्यांनी काम केले. त्या माणसाने आपले खरे नाव अखेरपर्यंत कोणालाही सांगितले नाही. त्याची कहाणी ले ग्विन यांच्या आई थिओडोरा क्रोबर यांनी १९६१ साली पुस्तकरूपाने लिहिली.

स्थापनेपूर्वीचा काळ

विद्यालयाची स्थापना अर्थसीच्या कालगणनेनुसार ६५० च्या सुमारास झाली. त्याआधीचे दीड-दोनशे वर्षांचे पर्व काळोखाचे मानले जाते. राजा माहारिअननंतर हॅव्हनॉर बेटावरचे सिंहासन रिकामे पडले. बेटाबेटांवर सरदार आणि चाचे माजले आणि प्रत्येकाने आपल्या पदरी एकेक मांत्रिक बाळगला. विद्या विकली जाऊ लागली. ज्याच्या अंगी थोडीफार जादू आहे त्याने एकतर धन्याची चाकरी करायची किंवा आपले अंग लपवून जगायचे, अशी वेळ आली. जादूचे नाव काढले की सामान्य माणूस भयाने दूर सरे.

या काळात विद्या जपली ती गावोगावच्या साध्या बायकांनी आणि त्यांच्याबरोबरच्या काही पुरुषांनी. त्यांचे एक गुप्त जाळे होते, 'हात' या नावाचे. ओळख पटवण्याची खूण साधी होती. मूठ पुढे करायची आणि ती उघडून तळवा दाखवायचा. सभासदांची यादी नव्हती, वर्गणी नव्हती, पुढारी नव्हता. एकीने दुसरीला मंत्र शिकवायचा, औषध सांगायचे आणि पाठलाग होत असलेल्याला रात्रीपुरता आसरा द्यायचा, एवढेच काम. पुढे उभ्या राहिलेल्या थोर विद्यालयाचे मूळ या उघड्या तळव्यात आहे.

संस्थापक

रोक हे आतल्या समुद्रातले, द्वीपसमूहाच्या मधोमधचे बेट. काळोखाच्या काळात त्यावरही धाड पडली आणि बेट उजाड झाले. जे वाचले त्यांत बहुतांश स्त्रिया आणि मुले होती. पुन्हा तसे होऊ नये म्हणून त्या स्त्रियांनी वाऱ्याचे आणि धुक्याचे मंत्र बेटाभोवती असे गुंफले की परके गलबत किनाऱ्याला लागूच नये. याहान आणि एलेहाल या त्यांतल्या दोन प्रमुख. लोक त्यांना 'व्हेइल' आणि 'एम्बर' या वापरायच्या नावांनी ओळखत.

तिसरा संस्थापक मेड्रा हॅव्हनॉरचा, नावा बांधणाऱ्याचा मुलगा. चाच्यांच्या राजासाठी बांधल्या जाणाऱ्या जहाजात त्याने मंत्राने खोट आणली. ती पकडली गेली आणि त्याची रवानगी सामोरीच्या पाऱ्याच्या खाणीत झाली. खनिज शोधून काढण्याचे त्याच्या अंगचे कसब तिथल्या गेलुक या मांत्रिकाला हवे होते. त्या खाणीत पाऱ्याच्या वाफेने झिजत चाललेली अनिएब नावाची एक गुलाम मुलगी होती. तिने मेड्राला आपले खरे नाव सांगितले आणि त्यानेही तिला आपले. दोघांचे बळ एकत्र आले तेव्हा गेलुक संपला. सुटकेनंतर अनिएब फार जगली नाही. तिच्या घरच्या बायकांकडून मेड्राला 'हात' या जाळ्याचा पत्ता लागला आणि जिथे विद्या अजून स्वच्छ आहे अशा एका बेटाची कुणकुणही लागली.

विद्यालयाच्या संस्थापकांत अनिएबचे नाव नाही. ती रोकला कधी पोहोचलीच नाही. पण सत्ता हाती असलेल्या मांत्रिकावर पहिला विजय मिळाला तो दोघांनी एकमेकांना विश्वासाने दिलेल्या नावामुळे, आणि पुढे विद्यालयाने जी शिस्त घडवली ती याच विश्वासावर उभी आहे. म्हणून तिचा उल्लेख या लेखात असलाच पाहिजे.

बऱ्याच वर्षांच्या भटकंतीनंतर मेड्रा रोकला पोहोचला. अंगी विद्या असलेली मुले जगात ठिकठिकाणी एकटी पडली आहेत, कोणी त्यांना विकत घेण्याआधी त्यांना एका छपराखाली आणले पाहिजे, हा विचार तिथे पक्का झाला. बंदर थ्विल येथे दगडी वास्तू उभी राहिली. मेड्रा पुन:पुन्हा समुद्र ओलांडून गुणी मुले शोधून आणू लागला. हॅव्हनॉरचा अर्ली नावाचा बलाढ्य मांत्रिक हे सारे उखडायला चालून आला, पण रोकच्या भूमीने आणि तिथल्या स्त्री-पुरुषांनी मिळून त्याला निष्प्रभ केले. रोक टेकडीवर कोणतेही सोंग टिकत नाही. तिथे पाऊल ठेवणारा जो असेल तोच दिसतो.

एलेहालच्या पश्चात मेड्राने विद्यालयाचे दार सांभाळायचे ठरवले आणि तो पहिला द्वारपाल झाला. दारात येणाऱ्याला त्याने घातलेली अट आजतागायत तीच आहे : आपले खरे नाव सांगा आणि आत या.

नऊ आचार्य

विद्यालयाचा कारभार नऊ आचार्यांकडे असतो. वायुपाल हवामानाचे मंत्र शिकवतो. हस्ताचार्याकडे आभासाची कला आहे, वनौषधी-आचार्याकडे रोग्यांचे उपचार. रूपांतराचार्य वस्तूचे आणि देहाचे रूप बदलण्याची विद्या देतो. आवाहनाचार्य जिवंतांच्या आणि मृतांच्या आत्म्यांना साद घालण्याची विद्या जाणतो. नामाचार्य खऱ्या वाणीचा अधिकारी. आकृतिबंधाचा आचार्य बेटावरच्या अंतर्वन या वृक्षराईत राहतो, अर्थ आणि हेतू हा त्याचा विषय. आठवे पद मुळात शोधाचार्याचे, म्हणजे हरवलेले शोधणे, बांधणे आणि परत आणणे या मेड्राच्या विद्येचे होते. नववे द्वारपालाचे.

अध्यापनाची पद्धत प्रत्येकाची निराळी. नामाचार्याला परंपरेने कुर्रेमकारमेर्रुक म्हणतात. तो बेटाच्या उत्तर टोकाला एकाकी मनोऱ्यात राहतो. शिकायला आलेल्या मुलांना तिथे दिवसभर नावांच्या याद्या पाठ कराव्या लागतात. एका समुद्राचे नाव पुरत नाही. त्यातली सामुद्रधुनी, खाडी, भूशिर, खडक, प्रत्येकाचे नाव निराळे. मध्यरात्री त्या यादीवरची शाई उडून जाते आणि चर्मपत्र कोरे होते. जे डोक्यात राहिले तेवढेच विद्यार्थ्याचे, बाकी पुन्हा उद्यापासून. गेडने तिथे वर्ष काढले. मांत्रिकाची सत्ता जवळच्या आणि नेमके नाव ठाऊक असलेल्या गोष्टीपुरतीच चालते, हा धडा त्या कंटाळवाण्या याद्यांतून मिळतो. सारा समुद्र खवळवायचा तर त्याच्या थेंबाथेंबाचे नाव घ्यावे लागेल आणि ते कोणा मर्त्य माणसाच्या आवाक्यातले नाही. या भाषेला मिळालेला हा सर्वांत मोठा लगाम आहे.

दुसरा लगाम हस्ताचार्याच्या वर्गात हाती येतो. खड्याचा हिरा झालेला दाखवणे सोपे आहे, तो आभास आहे. तो हिरा कायमचा कसा करायचा, असे गेडने विचारले. आचार्यांनी त्याला खड्याचे खरे नाव सांगितले, टोल्क. खडा खरोखर बदलायचा तर त्याचे नाव बदलावे लागेल, आणि एवढ्याशा खड्याचे नाव बदलणे म्हणजे जग बदलणे. ते करता येते, पण त्याचे बरेवाईट काय होईल हे कळल्याशिवाय करू नये. मेणबत्ती लावली की सावली पडणारच, हे तत्त्व त्या वर्गात मुलांच्या अंगी बाणवले जाते. 'समतोल' हा रोकच्या साऱ्या शिक्षणाचा पाया आहे. ले ग्विन यांनी लाओत्सेच्या 'ताओ ते चिंग'चे स्वतःचे इंग्रजी रूप १९९७ साली प्रसिद्ध केले. ताओ विचाराचा त्यांचा व्यासंग आयुष्यभराचा होता आणि तो इथे स्पष्ट उमटला आहे.

शेवटची परीक्षा द्वारपालाकडे. विद्यालयातून मांत्रिकाचा दंड घेऊन बाहेर पडायचे तर विद्यार्थ्याने द्वारपालाचे खरे नाव मिळवायचे असते. गेडने खूप विचार केला, सारे मंत्र मनात पारखले आणि अखेर द्वारपालासमोर जाऊन सरळ त्याचे नाव विचारले. द्वारपालाने ते सांगितले. इतकी वर्षे शब्दाची सत्ता शिकल्यावर निरोपाच्या दारात नम्रपणे मागण्याचा धडा मिळतो. आत येताना आपले नाव द्यायचे आणि जाताना दुसऱ्याचे मागून घ्यायचे, या दोन व्यवहारांत संस्थापकांचा सगळा विचार आला आहे.

हॅल्केलची राजवट

स्थापनेला ऐंशी वर्षे झाली आणि ७३० साली वे बेटाचा हॅल्केल विद्यालयाचा पहिला महाचार्य झाला. महाचार्य हे पदच त्याच्यापासून सुरू होते. त्याने शिस्त आणली, पदव्यांची उतरंड बांधली आणि कोण चेटकीण, कोण साधा जादूगार आणि कोण मांत्रिक याच्या पक्क्या व्याख्या केल्या. शोधाचार्याचे पद रद्द करून त्याच्या जागी गायनाचार्य नेमला. प्राचीन गाथा, पराक्रमगीते आणि गाऊन म्हणायचे मंत्र मुखपरंपरेने जपण्याचे मोलाचे काम या पदाने केले हे खरे. पण संस्थापक मेड्राची विद्या आचार्यांच्या पंक्तीतून उठली, हेही तितकेच खरे.

हॅल्केलचा सर्वांत दूरगामी निर्णय म्हणजे स्त्रियांना विद्यालयाची बंदी. विद्यार्थिनी म्हणून नाही, शिक्षिका म्हणूनही नाही. नऊ आचार्यांपैकी फक्त दोघांनी विरोध नोंदवला, आकृतिबंधाच्या आचार्याने आणि द्वारपालाने. बहुमताने त्यांचे म्हणणे फेटाळले गेले. यानंतर तीन शतकांहून अधिक काळ एकही स्त्री तिथे शिकली नाही की शिकवायला उभी राहिली नाही. मांत्रिकांना ब्रह्मचर्य सक्तीचे झाले. गावच्या वैदू बायांची विद्या हलकी आणि अमंगळ असल्याच्या म्हणी रूढ झाल्या. याहान आणि एलेहाल ही नावे विद्यार्थ्यांच्या कानावर पडेनाशी झाली.

१९६८ सालच्या पुस्तकात आपल्याला दिसते ते हे विद्यालय : वैभवशाली, शिस्तबद्ध आणि केवळ मुलांचे. ते तसे का आहे हा प्रश्न तिथे कोणी विचारत नाही. मूळ संस्थापक कोण हे ले ग्विन यांनी सांगितले ते २००१ साली, 'द फाइंडर' या दीर्घकथेत. म्हणजे विद्यालयाला जे विसरायला तीन शतके लागली ते उकरून काढायला लेखिकेला तेहतीस वर्षे लागली. आपणच उभारलेल्या वास्तूच्या पायाशी परत जाऊन तिथे कोण गाडले गेले आहे ते पाहण्याचे धैर्य फार थोड्या लेखकांनी दाखवले आहे.

संकटाची वर्षे

पुढच्या काळातली पहिली मोठी आपत्ती विद्यालयाच्या आतूनच आली. गेड विद्यार्थी असताना सहाध्यायाशी ईर्षेला पेटून त्याने रोक टेकडीवर मृतांतल्या एका स्त्रीला हाक मारली. त्या हाकेने जगाला चीर पडली आणि तिच्यातून एक सावली आत आली. ती चीर सांधताना महाचार्य नेमर्ले यांनी आपले सारे बळ वेचले आणि त्यांचा अंत झाला. त्यांच्यानंतर वे बेटाचे गेन्शर महाचार्य झाले. एका उतावळ्या विद्यार्थ्याच्या चुकीची किंमत संस्थाप्रमुखाने प्राण देऊन चुकवली आणि त्या विद्यार्थ्याला शिकवणे संस्थेने चालूच ठेवले. रोकच्या इतिहासातले हे सर्वांत अभिमानाचे पान आहे.

दुसरी आपत्ती गेड स्वतः महाचार्य असताना ओढवली. मंत्र विरू लागले. गायकांना गाण्यांचे शब्द आठवेनात, बेटाबेटांवरचे जादूगार आपले कसब विसरले. कॉब नावाच्या मांत्रिकाने मरण टाळण्यासाठी मृतांच्या प्रदेशाचे दार उघडे ठेवले होते आणि त्यातून जगातला अर्थ गळून चालला होता. गेडने तरुण राजपुत्र लेबान्नेनबरोबर तिथवर जाऊन ते दार बंद केले आणि त्यात आपली सारी शक्ती गमावली. लेबान्नेन हॅव्हनॉरच्या सिंहासनावर बसला, पण विद्यालयाला महाचार्य उरला नाही.

पुन्हा उघडलेले दार

नवा महाचार्य निवडायला आचार्य जमले, पण एकमत होईना. आकृतिबंधाच्या आचार्याच्या तोंडून एवढेच निघाले की गाँट बेटावर एक स्त्री आहे. या शब्दांचा अर्थ लावताना आचार्यांचा गोंधळ उडाला. महाचार्य आणि स्त्री हे दोन शब्द एकत्र आणण्याची सवयच उरली नव्हती.

नंतर वे बेटाची इरिअन नावाची तरुणी थ्विलच्या दारात आली. द्वारपालाने तिला आत घेतले. आचार्यांत फूट पडली. द्वारपाल, नामाचार्य, वनौषधी-आचार्य आणि आकृतिबंधाचा आचार्य आझ्व्हर तिच्या बाजूने उभे राहिले. आझ्व्हरने तिला अंतर्वनात आसरा दिला. आवाहनाचार्य थोरिअन मृत्यूच्या प्रदेशातून परतला होता आणि त्याला महाचार्यपद हवे होते. रोक टेकडीवर तो आणि इरिअन समोरासमोर आले. जिथे सोंग टिकत नाही त्या टेकडीवर थोरिअन हाडांचा ढीग होऊन कोसळला आणि इरिअन ड्रॅगनच्या रूपात आकाशात उठली.

'द अदर विंड'मध्ये या साऱ्याचा शेवटचा हिशेब होतो. मरणोत्तर आपले नाव टिकावे म्हणून प्राचीन मांत्रिकांनी ड्रॅगनांच्या वाट्याची भूमी मंत्राने बळकावली होती, आणि मृतांचा तो कोरडा, निर्जीव प्रदेश त्यातूनच निपजला होता. रोकच्या अंतर्वनाच्या सावलीत राजा लेबान्नेन, आचार्य, गाँटवरच्या टेनार आणि तेहानू, इरिअन आणि कार्गाड देशाची राजकन्या एकत्र बसले, तेव्हाच त्या जुन्या अन्यायाचा उलगडा झाला. मृतांच्या प्रदेशाची भिंत पाडली गेली आणि मृत मुक्त झाले. शतकानुशतके चाललेल्या विद्येतला मूळचा दोष एकट्या आचार्यांना दिसला नव्हता.

समारोप

या इतिहासातून एक गोष्ट ठळकपणे पुढे येते. ७३० साली ज्या दोन पदांनी विरोध केला, इरिअनला जवळ करण्यातही तीच दोन पदे होती : दार आणि अंतर्वन. दार मेड्राने सांभाळलेले आणि वन त्याच्या व एलेहालच्या सहवासाचे. मधल्या तीन शतकांत संस्थापकांची नावे पुसली गेली, कथा विसरल्या, पदे रद्द झाली, तरी या दोन जागांनी मूळ विचार सोडला नाही. संस्थेची खरी घटना नियमांच्या पुस्तकात असतेच असे नाही. दारात येणाऱ्याशी कसे वागायचे आणि शांतपणे कोणाचे ऐकायचे, या रिवाजांत ती जास्त टिकते.

रोक विद्यालयाने जगाला शब्द सांभाळून वापरायला शिकवले. ज्या स्त्रियांनी ती विद्या काळोखात जपली त्यांचे नाव मात्र त्याने स्वतःच्या तोंडातून घालवले, आणि जिथे नाव घेणे हीच शक्ती आहे तिथे यापेक्षा मोठी चूक दुसरी नाही. स्मरणिका काढणाऱ्या प्रत्येक संस्थेला म्हणून एवढेच सांगणे आहे : पहिल्या पानावर अध्यक्षांचे छायाचित्र छापण्याआधी जुनी वही काढा, पहिला वर्ग कोणाच्या ओसरीवर भरला आणि त्या मुलांना कोणी जेवू घातले ते शोधा, आणि त्या माणसांची नावे पूर्ण व शुद्ध छापा.